नवरीच्या मागचं गाव

मे २०२४ मध्ये पायल कपाडिया यांच्या 'ऑल वी इमॅजिन अ‍ॅज लाइट' या चित्रपटाला कान महोत्सवात 'ग्राँ प्री' मिळालं, तेव्हा ती बातमी गोंदिया जिल्ह्यातल्या आमच्या मुर्रीतही पोचली. तीस वर्षांनी एक भारतीय चित्रपट तिथल्या मुख्य स्पर्धेत होता. बातमीत त्या चित्रपटात काम केलेल्या छाया कदम यांचा फोटो होता, त्यामुळे आमच्याकडच्या लोकांनी ती आपलेपणाने वाचली. 'सैराट'पासून त्या इथे घराघरांत ओळखीच्या आहेत. मी मात्र वेगळ्या कारणाने थांबलो. कपाडिया यांनी आधी जे केलं त्याला 'प्रयोगशील चित्रपट' म्हणतात, आणि त्यात जुने घरगुती चित्रीकरणाचे तुकडे, कुणाकुणाच्या फोनमधलं शूटिंग, सापडलेली पत्रं असं सगळं वापरलेलं आहे, असं खाली लिहिलं होतं. माझा धंदाच घरगुती चित्रीकरणाचा. लग्न, साक्षगंध, हळद, बारसं, दिवाळीनंतर मंडईत होणारं एखादं झाडीपट्टी नाटक, कुणी बोलावलं तर दंडार. उस्तादाच्या हाताखाली लाईट धरण्यापासून सुरुवात केली, मग कॅमेरा हातात आला, आता मिक्सिंगही मीच करतो. लोकांच्या घरचं शूटिंग घेऊन कुणी देशाच्या इतिहासावर चित्रपट काढतं, ही गोष्ट मला काही केल्या समजेना.

नागपूरला शिकणारी माझी पुतणी म्हणाली, "काकाजी, वाचून नाही समजणार. बघा." तिने 'अ नाइट ऑफ नोइंग नथिंग' लावून दिला. २०२१ चा चित्रपट. कानमध्येच त्या वर्षीचा सर्वोत्तम माहितीपटाचा 'गोल्डन आय' पुरस्कार त्याला मिळालेला.

माहितीपट म्हटल्यावर मी एका तयारीने बसलो होतो. एक आवाज माहिती सांगेल, चित्र ती माहिती दाखवेल. इथे सुरुवातीलाच पोरं-पोरी नाचताहेत, चित्र काळं-पांढरं, दाणेदार, आणि ज्या गाण्यावर ती नाचताहेत ते ऐकूच येत नाही. मी रिमोटवर आवाज वाढवला. पुतणी म्हणाली, तसंच आहे ते. मग एका मुलीचा आवाज येतो, हिंदीत, हळू. ती पत्र वाचते आहे. तिचं नाव फक्त एक इंग्रजी अक्षर, एल. पुण्याच्या चित्रपट संस्थेच्या वसतिगृहात एका कपाटात एक डबा सापडला, त्यात तिची पत्रं होती, असं आपल्याला सांगितलं जातं. ती ज्याच्यावर प्रेम करते त्याच्या घरच्यांना तिची जात चालत नाही, त्याला घरी नेऊन ठेवलंय, तो परत येत नाही. ती लिहीत राहते. ती कधी दिसत नाही, तोही दिसत नाही. दिसते ती खोली, पंखा, झाडं, रात्र, झोपलेली मित्रमंडळी. आणि मग त्या पत्रांतच संप येतो. २०१५ मध्ये पुण्याच्या त्याच संस्थेच्या, म्हणजे एफटीआयआयच्या विद्यार्थ्यांनी अध्यक्षांच्या नेमणुकीविरुद्ध केलेला, १३९ दिवस चाललेला. घोषणा येतात, पोलीस येतात, हैदराबादच्या रोहित वेमुला या विद्यार्थ्याचं नाव येतं, दिल्लीतल्या एका विद्यापीठाच्या वाचनालयातलं सीसीटीव्हीचं चित्रण येतं. प्रेमाची गोष्ट कुठे संपली आणि देशाची कुठे सुरू झाली, मला जोड सापडेना.

मिक्सिंग करणाऱ्या माणसाला जोड सापडत नाही, म्हणजे ती कुणीतरी फार काळजीने बुजवलेली असते. संपल्यावर माझ्या डोक्यात पहिला प्रश्न आला तो धंद्याचाच होता. एका लग्नात तीन कॅमेरे वेगवेगळे असले, एखादा नातेवाइकाचा मोबाईल असला, तर ते चित्र एका रंगात आणताना आमचा जीव जातो. मांडव एकात पिवळा, दुसऱ्यात निळा. इथे तर फोनचं चित्र, सीसीटीव्हीचं, फिल्मवर काढलेलं, कुणाच्या घरच्या जुन्या रिळातलं, सगळं एकत्र होतं, आणि तरी एकाच रात्री एकाच माणसाने पाहिल्यासारखं वाटत होतं. छायाचित्रण आणि संकलन दोन्ही रणबीर दास यांचं. जवळजवळ सगळं चित्र काळं-पांढरं आणि दाणेदार करून टाकल्यामुळे कोणतं कधी काढलेलं आहे हे ओळखू येत नाही. २०१५ मधला मोर्चा पन्नास वर्षांपूर्वीचा वाटतो. आणि पन्नास वर्षांपूर्वीचं वाटलं की माणूस त्याच्याकडे बातमी म्हणून न बघता आठवण म्हणून बघायला लागतो. ही युक्ती मला त्या रात्री झोपताना समजली. पण युक्ती समजली म्हणून चित्रपट समजला असं नव्हतं.

पुतणी म्हणाली, छोट्यापासून सुरू करा. पायल कपाडिया यांच्या विद्यार्थिदशेतल्या आणि लगतच्या काळातल्या काही लघुपटांपैकी दोन आम्ही बघितले.

'द लास्ट मँगो बिफोर द मान्सून' मध्ये दोन माणसं जंगलात रात्री कॅमेरे लावतात, जनावरांची हालचाल टिपायला. ही गोष्ट आमच्या भागात कुणाला समजावून सांगावी लागत नाही. नवेगाव-नागझिऱ्याला २०१३ मध्ये व्याघ्र प्रकल्पाचा दर्जा मिळाला. झाडाला गुडघाभर उंचीवर बांधलेला कॅमेरा इथल्या मोहफुलं वेचणाऱ्या बायकांनीही पाहिलेला असतो. समोरून काही हललं की तो आपणहून फोटो काढतो, मागे माणूस नसतो. त्या चित्रपटात त्या कॅमेऱ्यांच्या जोडीला एक बाई आहे, जंगल सोडून कधीच निघून आलेली, नवऱ्याच्या आठवणीत असलेली. तिचा आणि कॅमेऱ्यांचा संबंध कुणी सांगत नाही. मी पुन्हा गोंधळलो. पण या वेळी गोंधळ त्रासदायक नव्हता. जंगलात काहीतरी वाट बघतंय, आणि घरात कुणीतरी वाट बघतंय, एवढं मला दिसलं. ते बरोबर की चूक, कुणाला विचारणार?

दुसरा 'अँड व्हॉट इज द समर सेइंग', २०१८ चा, मराठीतला. महाराष्ट्रातल्या जंगलालगतच्या एका छोट्या गावात नामदेव नावाचा माणूस झाडांच्या शेंड्यांकडे बघत मध शोधतो. दुपार. वारा. आणि गावातल्या बायका कुजबुजत आपल्या हरवलेल्या प्रेमांच्या गोष्टी सांगतात. त्या बायका एकदाही दिसत नाहीत, फक्त ऐकू येतात. जमिनीतून धूर निघतो आहे, चुलीचा म्हणावा तर चूल दिसत नाही.

इथे माझी माय मागे येऊन उभी राहिली होती. ती म्हणाली, "बाया दिसत नाहीत म्हणून तर बोलून रायल्या. कॅमेरा तोंडावर धरला असता तर बोलल्या असत्या का?"

मी इतकी वर्षं लोकांच्या तोंडावर कॅमेरा धरला आहे. मायचं हे बोलणं मी विसरू शकलो नाही. लग्नात आजीबाईला 'दोन शब्द बोला' म्हटलं की ती पदर सावरते, हसते, 'सुखी राहा' म्हणते. तीच आजी स्वयंपाकाच्या मांडवामागे बसून दुसऱ्या आजीला काय काय सांगत असते! आवाज आणि चेहरा वेगळे केले की माणूस मोकळा होतो. ही एवढी साधी गोष्ट त्या लघुपटाच्या मुळाशी आहे असं मला आता वाटतं, आणि त्याचं श्रेय समीक्षेच्या कुठल्या पुस्तकाला नाही, मायला आहे.

खरं तर आवाज आणि चित्र वेगळे करणं आमच्याकडे रोजचं आहे. लग्नाच्या व्हिडिओत मूळ आवाज आम्ही ठेवतच नाही. भटजींचे मंत्र, लहान पोराचं रडणं, जनरेटर, बँडवाल्यांची घासाघीस, सगळं काढून टाकतो आणि वर सिनेमाचं गाणं टाकतो. फरक एवढाच की आमचं गाणं चित्राला जे वाटायला हवं ते सांगून मोकळं होतं. नवरी निघाली की बिदाईचं गाणं. बघणाऱ्याने काही शोधायचं शिल्लक राहत नाही. कपाडिया यांच्या चित्रपटांत आवाज एकीकडून येतो, चित्र दुसरीकडून, आणि मधल्या जागेत आपल्याला उभं राहावं लागतं. त्या जागेत उभं राहायची सवय नसली की गोंधळ होतो. माझा होतच होता.

ही रीत त्यांच्या एकटीची नाही, हेही हळूहळू समजलं. त्यांच्या आई म्हणजे चित्रकार नलिनी मलानी. १९४६ साली कराचीत जन्म, फाळणीत घरदार सोडून कुटुंब इकडे आलं, पुढे मुंबईच्या जे. जे. कला महाविद्यालयात शिक्षण. १९६९ मध्ये अकबर पदमसी यांनी मुंबईत एक कार्यशाळा उभी केली होती, चित्रकारांनी आणि चित्रपटवाल्यांनी एकत्र बसून काहीतरी नवं करावं म्हणून. तिथे तरुण मलानी यांनी इमारतींच्या रंगीत प्रतिकृती एकेक चौकट करून चित्रित केल्या. स्वतंत्र देशात सगळ्यांना घर मिळेल, या स्वप्नाचं ते चित्र. काही वर्षांनी त्याच्या शेजारी त्यांनी दुसरा पडदा लावला, काळा-पांढरा: एक तरुण बाई उंच इमारतीच्या खिडकीतून खाली पसरलेल्या मुंबईच्या झोपडपट्टीकडे बघते आहे. दोन्ही मिळून 'युटोपिया', १९६९ ते ७६. एका बाजूला स्वप्न, दुसऱ्या बाजूला काय झालं ते, आणि निवेदन करणारा कुणी नाही. आईच्या दोन पडद्यांतली ती मधली जागा आणि मुलीच्या चित्रपटातली आवाज-चित्रामधली जागा एकाच घरातल्या आहेत, असं मला वाटलं.

त्याच कार्यशाळेच्या काळात पदमसी यांनी 'इव्हेंट्स इन अ क्लाउड चेंबर' नावाचा एक छोटा चित्रपट केला होता. त्याची एकच प्रत होती, ती हरवली. पुढे २०१६ मध्ये अशीम अहलुवालिया यांनी म्हाताऱ्या पदमसींना सोबत घेऊन त्या हरवलेल्या चित्रपटावरच चित्रपट केला. एकच प्रत, आणि ती हरवली. हे वाक्य मी वाचलं आणि माझं लक्ष खोलीतल्या लोखंडी कपाटाकडे गेलं.

त्या कपाटाबद्दल सांगायला हवं, कारण माझा गोंधळ सुटायला सुरुवात तिथूनच झाली.

उस्तादाने धंदा बंद केला तेव्हा त्याच्याकडच्या व्हीएचएस कॅसेटी मला दिल्या. लोकांनी आगाऊ पैसे दिले, व्हिडिओ झाला, एक प्रत घेऊन गेले. दुसरी, मूळ शूटिंगची, उस्तादाकडे राहिली. काहींवर नाव आहे, काहींवर नुसतं 'बारात – २' असं बॉलपेनने लिहिलेलं. खोक्याच्या कोपऱ्याला वाळवी लागून गेलेली. काळ्या प्लॅस्टिकला वरच्या कडेला एक झडप असते, बाजूची कळ दाबून ती उचलली की आतली पट्टी दिसते, अर्धा इंच रुंद, गडद तपकिरी, चकचकीत. ती चकचकीत असली तर आशा आहे. खिडकीतून दिसणाऱ्या गुंडाळीवर पांढुरकी बुरशी असली, मिठाची कणी पसरावी तशी, तर ती कॅसेट तशीच मशीनमध्ये घालू नये. हेड खराब होतं आणि तीच बुरशी पुढच्या कॅसेटीला लागते. आमच्या धान-पट्ट्यात पावसाळा लांब, हवा ओलसर. बुरशी बऱ्याच ठिकाणी होती.

चकचकीत पट्टीची एक कॅसेट मी लावली. नव्वदच्या दशकातलं लग्न, आमच्याच बाजूचं. ज्यांचं होतं त्यांना आधी विचारून घेतलं. दुसऱ्याच्या घरची आठवण विचारल्याशिवाय उघडू नये, मग त्यात कला असो की नसो. ते म्हणाले, आम्हीही येतो बघायला. घरचे सगळे आले, नवरी-नवरदेव धरून, आता नातवंडांसह.

मी अपेक्षेने बसलो होतो की ते स्वतःला बघतील. थोडा वेळ बघितलंही. मग सगळ्यांच्या नजरा नवरीच्या खांद्यावरून मागे गेल्या. "ते पाय, आपलं कौलाचं घर." "हा आंबा कुठं होता?" "अरे, हा आंबा आता जिथं टाकी आहे तिथंच." पंगतीच्या मागे हॅलोजनच्या उजेडात एक चमकदार पट्टा दिसत होता. ती बोडी होती. पावसाचं पाणी धरून ठेवणारं आमच्याकडचं छोटं तळं. ती बुजली, तिच्यावर प्लॉट पडले. पोरांना ती होती हेही माहीत नव्हतं. नवरीच्या वडिलांनी पडद्यावरच्या त्या चमकत्या पट्ट्याला बोट लावून दाखवलं आणि रोवणीसाठी पहिलं पाणी धानाच्या कोणत्या बांधीत सोडायचे, मग कोणत्या, धुरा म्हणजे बांध कुठून फोडायचे, ते सगळं ओळीने सांगितलं.

आमच्या धंद्यातली एक गोष्ट त्या दिवशी मला पहिल्यांदा नीट दिसली. उस्तादाचा तो जुना व्हीएचएस कॅमेरा चित्र म्हणून फार चांगला नव्हता. पण त्याच्या आतला चित्र टिपणारा भाग नखाएवढा लहान होता, आणि त्यामुळे जवळची नवरी आणि मागचं गाव दोन्ही एकाच वेळी स्पष्ट यायचं. आज आम्ही जो मोठ्या सेन्सरचा कॅमेरा आणि १.८ ची लेन्स वापरतो त्यात नवरीच्या पापण्या मोजता येतात, आणि मागचं सगळं विरघळून रंगाचे गोळे होतात. गिऱ्हाईकही तेच मागतं: "मागचं ब्लर पाहिजे, सिनेमासारखं." म्हणजे गेल्या दहा-पंधरा वर्षांत आमच्या भागात जेवढं चित्रीकरण झालं तेवढं पूर्वी कधीच झालं नाही, आणि त्यात गाव मात्र नाही. घरं कौलाची होती की स्लॅबची, रस्ता मुरमाचा होता की सिमेंटचा, मागे राईस मिलचं धुराडं होतं की नव्हतं, ते आजच्या लग्नाच्या व्हिडिओतून कुणाला उद्या कळणार नाही.

हे कळल्यावर कपाडिया यांचे चित्रपट मी वेगळ्या नजरेने पुन्हा बघितले. त्यांच्या चित्रात माणूस अनेकदा अंधारात, पाठमोरा, कोपऱ्यात असतो. जागा मात्र पूर्ण असते. झाड, भिंत, वारा, पाऊस. 'ऑल वी इमॅजिन अ‍ॅज लाइट' मध्ये छाया कदम यांनी केलेली पार्वती मुंबईतल्या चाळीत वर्षानुवर्षं राहते आणि बिल्डर तिला बाहेर काढतो, कारण ती तिथे राहत होती हे सिद्ध करणारा कागद तिच्याकडे नाही. ती रत्नागिरीकडच्या आपल्या गावी परतते. कागद नसला की माणसाचं राहणं पुसलं जातं. चित्र असतं तर? मला राहून राहून हेच वाटलं.

आमच्या भागाचा इतिहास पुस्तकात शोधायला गेलं तर दोन-चार ओळींत आटोपतो. भवभूती आमगावजवळच्या पद्मपूरचा मानतात, कचारगडची गुहा गोंडांचं श्रद्धास्थान, बिरसीची धावपट्टी दुसऱ्या महायुद्धाच्या काळात इंग्रजांनी बांधली, बिडी, तेंदूपत्ता, तांदूळ. पण माझे आजोबा याच जागी जन्मले आणि याच जागी गेले, आणि तेवढ्या काळात त्यांच्या पायाखालचं राज्य बदलत गेलं. आधी मध्य प्रांत आणि वऱ्हाड, १९५० पासून मध्य प्रदेश, राजधानी नागपूर. १ नोव्हेंबर १९५६ पासून मुंबई राज्य. १ मे १९६० पासून महाराष्ट्र. जिल्हा भंडारा, तो तुटून गोंदिया जिल्हा झाला १ मे १९९९ ला. कुणी घर हलवलं नाही, बैल हलवले नाहीत, बांधीचे धुरे तेच. दिल्ली-मुंबईत जे ठरलं ते इथे फक्त सातबाऱ्याच्या डोक्यावरचं नाव बदलून आलं. घरात अजून हिंदी, पोवारी, झाडीबोली, मराठी एका वाक्यात येतात, त्याचं एक कारण हेही असावं. याचं चित्र काय काढायचं? सीमारेषा दिसत नाही, धुरा दिसतो.

माझे वडील सांगायचे की टुरिंग टॉकीजला मुख्य सिनेमाआधी सरकारी माहितीपट दाखवायचे आणि लोक तेवढ्या वेळात पान खाऊन यायचे. ते माहितीपट काढणाऱ्या सरकारी फिल्म्स डिव्हिजनचा एक, १९६७ चा, एस. एन. एस. शास्त्री यांचा 'आय अ‍ॅम २०' पुतणीने मला दाखवला. १९४७ मध्ये जन्मलेल्या मुला-मुलींना त्यांच्या विसाव्या वर्षी विचारलेलं आहे, देशाबद्दल काय वाटतं. कुणी आशेने बोलतं, कुणी तोंडावर सांगतं की मला काही वाटत नाही. सरकारी पैशातून एवढं मोकळं काम झालं होतं, हे मला माहीत नव्हतं. त्यातली पोरं माझ्या वडिलांच्या वयाची. त्यांना कुणी विचारलं नाही. मुर्रीत कॅमेरा घेऊन विचारायला येणार तरी कोण होतं?

म्हणून मायला मी विचारायचं ठरवलं. कॅमेरा लावला नाही. फोन चुलीपासून लांब, ताटाळ्यावर ठेवला, रेकॉर्डर चालू केला, तिला सांगून. ती धान निवडत बसली होती. आधी गप्प, मग आपसूक बोलायला लागली. परे (भाताची रोपं) कसे खणायचे, पेंढ्या कशा बांधायच्या, रोवणीला बाया ओळीने उभ्या राहिल्या की कोण गाण्याला सुरुवात करायची. बालाघाटकडे जाणारी छोटी लाईन, ती इतकी हळू चालायची की वळणावर पोरं उतरून पुन्हा चढायची. ती लाईन आता मोठी झाली, रूळ बदलले. मधेच ती एका वर्षाबद्दल बोलली, पाऊस आलाच नाही त्या वर्षाबद्दल, आणि तिथे बराच वेळ नुसता सुपाचा आवाज आहे.

तो आवाज मी त्या लग्नाच्या कॅसेटीवर टाकला. वर सिनेमाचं गाणं नाही, खाली माहिती नाही. पंगत बसली आहे, वाढपी धावताहेत, मागे बोडी चमकते आहे, आणि माय सांगते आहे पाऊस न आलेल्या वर्षाबद्दल. चित्रात जेवणावळ, आवाजात अन्न नसल्याची गोष्ट. मी ते ठरवून जुळवलं नव्हतं; जिथे जे आलं तिथे ते आलं. बघताना माझ्या अंगावर काटा आला, आणि का आला ते मला नीट सांगता येत नाही. दुसऱ्या एका ठिकाणी बँड वाजतो आहे, म्हणजे वाजताना दिसतो आहे, आणि माय परे खणण्याबद्दल बोलते आहे. तिथे काहीच झालं नाही. चित्र चित्राच्या जागी, आवाज आवाजाच्या. एकीकडे असं का व्हावं आणि दुसरीकडे का होऊ नये, याचं मला अजून कोडं आहे. पुतणीने वाचायला पाठवलेल्या लेखांतून ते सुटलं नाही.

मायने ते बघितलं. "हे कोनाचं लगन होय? माहा आवाज याच्यात कसा?" मी सांगितलं. तिने परत लावायला सांगितलं. मग म्हणाली, बोडीच्या काठावर डावीकडे जे दगड दिसतात तिथे बाया कपडे धुवायच्या, ते मी बोलले नाही, ते पण टाक.

मी काही चित्रपट काढणारा झालो नाही. लग्नसराईत माझं काम तेच आहे, आणि गिऱ्हाईकाला मागचं ब्लर हवं असेल तर मी ते देतो. पण प्रत्येक लग्नात आता थोडा वेळ लेन्स बंद करून, म्हणजे छिद्र लहान करून, मांडव, गल्ली, घरं, झाडं, मागची शेतं सगळं स्पष्ट येईल असं शूटिंग घेतो. अंतिम व्हिडिओत ते टाकत नाही, पण मूळ फायलीत ठेवतो आणि घरच्यांना पेनड्राईव्हवर वेगळं देतो. त्यात मूळ आवाजही तसाच असतो, जनरेटरसकट.

आता वाचणाऱ्यांना एक विनंती. व्हीएचएसचे प्लेअर बनवणारी जगातली शेवटची कंपनी, जपानची फुनाई, हिने जुलै २०१६ मध्ये ते बनवणं थांबवलं. जे चालू प्लेअर आहेत ते दुरुस्त करणारे हात आणि सुटे भाग दरवर्षी कमी होताहेत, आणि कॅसेटीची पट्टी वापरली नाही तरी खराब होत जाते. तुमच्या घरी आलमारीवर, माळ्यावर, सासरी-माहेरी जुनी कॅसेट पडली असेल तर ती फेकू नका. उभी ठेवा, कोरड्या जागी, चुंबकापासून आणि स्पीकरपासून दूर. बुरशी दिसली तर घरी चालवून बघू नका. जवळच्या शहरात कॅसेटीवरून संगणकात उतरवून देणारे कुणी ना कुणी अजून आहेत. यंदाच्या पावसाळ्याआधी त्यांच्याकडे न्या. खोक्यावर कुणाचं लग्न, कोणतं गाव, कोणतं साल एवढं लिहा. आणि उतरवून झालं की घरातल्या सगळ्यात म्हाताऱ्या माणसाला शेजारी बसवा, फोनचा रेकॉर्डर चालू करा, आणि मागे काय काय दिसतंय ते त्यांना सांगू द्या.